मुलूखगिरी आणि कारभार : छत्तीसगढातील भोसल्यांचा अंमल
(हीरक महोत्सवानिमित्त दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



रायपुरातल्या मराठी घरातील मुलाला एकच इतिहास दोनदा शिकावा लागतो. घरी आजोबा अभिमानाने सांगतात की आपले पूर्वज भोसल्यांच्या काळात इकडे आले. कोणी दफ्तरात होते, कोणी फौजेत, कोणी देवळाच्या पूजेअर्चेसाठी. हाच काळ पुढे राज्यसेवेच्या परीक्षेची तयारी करताना ‘मराठा शासन’ या मथळ्याखाली त्याच्यासमोर येतो, आणि तेथे ‘सुबा शासन’ या शब्दाच्या शेजारी ‘शोषण’ हा शब्द हटकून बसलेला असतो. ते राज्य आपले होते की परक्यांचे, असे मुलाने विचारले तर बहुतेक घरांत विषय बदलला जातो. हीरक महोत्सवाच्या व्यासपीठावर तो बदलू नये, एवढ्याच हेतूने या व्याख्यानाचा विषय निवडला आहे.

लष्कराने मुलूख घेतला की त्याचा कारभार कसा चालतो, हा प्रश्न जगभर अभ्यासला गेला आहे. त्या अभ्यासात सर्वाधिक पाने जर्मनीने दुसऱ्या महायुद्धात व्यापलेल्या देशांविषयी खर्ची पडली आहेत. 1907 सालच्या हेग येथील करारात अशा कारभाराचे नियम घालून दिले होते आणि जर्मनीनेही ते मान्य केले होते. शत्रूच्या फौजेचा प्रत्यक्ष ताबा जेथे बसला तो व्याप्त प्रदेश. तेथे सार्वजनिक सुव्यवस्था राखणे हे ताबेदाराचे कर्तव्य. अगदीच अशक्य असल्याखेरीज तेथील पूर्वीचे कायदे पाळावेत. लूट करू नये. एकाच्या कृत्यासाठी सबंध गावाला दंड करू नये. फौजेसाठी जे मागायचे ते त्या प्रदेशाच्या ऐपतीच्या प्रमाणात मागावे. आणि देवस्थाने व शिक्षणसंस्था यांच्या मालमत्तेला हात लावू नये, असा त्या नियमांचा आशय आहे. छत्तीसगढचा अठराव्या शतकातील इतिहास हे नियम शेजारी ठेवून वाचला, तर घरचा अभिमान आणि पुस्तकातला ठपका या दोहोंचा अर्थ जरा निराळा लागतो.

1741 साली नागपूरकर रघूजी भोसल्यांचे सेनापती भास्कर राम कोल्हटकर, म्हणजेच भास्करपंत, बंगालच्या स्वारीवर निघाले असता रतनपुरावर आले. तेथे हैहयवंशाचे रघुनाथसिंह राज्य करीत होते. वय झालेले, त्यात पुत्रशोक. त्यांनी प्रतिकार केलाच नाही. तोफांनी वाड्याचा काही भाग ढासळला, तेव्हा राणीने पांढरे निशाण दाखविले, अशी हकिकत पुढे इंग्रजी अहवालांत नोंदली गेली. भास्करपंतांनी शहरावर एक लाख रुपयांचा दंड बसविला, खजिना ताब्यात घेतला आणि रघुनाथसिंहांना भोसल्यांच्या नावाने राज्य करण्यास ठेवून फौज पुढे नेली. ज्या शहराने तलवारच उचलली नाही त्याच्यावर दंड कशाबद्दल, हा प्रश्न त्या काळी कोणाला पडला नसावा. मुलूखगिरीच्या हिशेबात खंडणी हा गुन्ह्याचा दंड नसे. फौज वाटेवरच्या मुलुखावरच पोसायची, हा त्या पद्धतीचा मूळ नियम होता.

वाट हा शब्द येथे महत्त्वाचा आहे. नागपूरकरांची नजर बंगाल आणि ओरिसा यांवर होती. छत्तीसगढ त्यांना हवे होते ते आधी वाट म्हणून. 1751 साली ओरिसा त्यांच्याकडे आल्यावर नागपूर आणि कटक यांच्यामधला हा प्रदेश हातचा जाऊ देणे त्यांना परवडणारे नव्हते. 1940 साली जर्मन सैन्याने बेल्जियम आणि उत्तर फ्रान्स एकाच लष्करी प्रशासनाखाली ठेवले, त्यामागचा विचारही याच जातीचा होता. इंग्लंडसमोरचा तो किनारा लष्कराला आपल्या हातात हवा होता. वाटेवरच्या मुलुखाचे दुर्दैव असे की त्याच्याकडे पाहणाऱ्याचे लक्ष पलीकडच्या मुक्कामावर असते.

भास्करपंत पुढे बंगालमध्ये गेले, आणि 1744 साली अलीवर्दीखानाने भेटीस बोलावून त्यांना दग्याने मारले. नागपूरच्या बखरीत ती पराक्रमाची आणि विश्वासघाताची कथा आहे. बंगालमध्ये मात्र गंगारामाचे ‘महाराष्ट्र पुराण’ त्या स्वाऱ्यांतील जाळपोळीचे आणि अत्याचारांचे वर्णन करते, आणि ‘बर्गी’ आले म्हणून मुलांना निजविणारी अंगाई तिकडे आजही गायली जाते. मराठी माणसाने ती अंगाई एकदा तरी समजून घ्यावी.

पुढचे टप्पे थोडक्यात असे. 1745 साली रघूजींनी रतनपूरच्या गादीवर मोहनसिंह यांना बसविले. रायपूरच्या शाखेचे अमरसिंह यांना 1750 साली बाजूस सारून राजीम, पाटण आणि रायपूर एवढेच परगणे वार्षिक सात हजार रुपये टाकोळीवर ठेवण्यात आले. तीन वर्षांनी ते वारले, पुत्र शिवराजसिंह यात्रेस गेलेले, आणि परगणे जप्त झाले. पुढे बिंबाजी भोसल्यांनी शिवराजसिंहांना चरितार्थासाठी बडगाव आणि रायपूरच्या प्रत्येक गावामागे एक रुपया लावून दिला. शेकडो वर्षांच्या राजघराण्याची किंमत गावामागे एक रुपया ठरली. त्यात दया होती, हे मान्य करावे लागते. पण ती दया कोणत्या हाताने आली, हेही विसरता येत नाही.

जुन्या राजाला नावापुरते ठेवून त्याच्याकरवी वसूल करण्याची ही पद्धत स्वस्त असते, आणि म्हणूनच ती सर्व काळांत आढळते. ब्रुसेल्स येथे जनरल अलेक्झांडर फॉन फाल्केनहाउझेन लष्करी प्रमुख आणि एगर्ट रेडर हे मुलकी प्रशासनाचे प्रमुख होते. जर्मन माणसे शक्य तितकी कमी वापरायची आणि कारभार बेल्जियमच्याच खात्यांच्या सचिवांकडून करवून घ्यायचा, हे रेडर यांचे धोरण होते. बेल्जियमचे मंत्रिमंडळ लंडनला गेले होते आणि राजे तिसरे लिओपोल्ड लाकेनच्या वाड्यात बंदिवान होते. पण रेशनचा कागद, पोलिसांची वर्दी, कराची पावती सगळे बेल्जियनच राहिले. खरी अडचण त्या सचिवांची होती. पद सोडावे तर त्या जागी कोण बसेल याची धास्ती, न सोडावे तर प्रत्येक हुकमाखाली आपली सही. रतनपूरच्या दिवाणाला आणि गावच्या गोंटियालाही याहून वेगळे काही वाटले असेल, असे मानण्याचे कारण नाही.

बिंबाजी भोसल्यांचा काळ मात्र वेगळा काढावा लागतो. रघूजींचे हे धाकटे पुत्र 1758 पासून 1787 पर्यंत रतनपुरास राहिले. मोहनसिंह त्यांच्याशी लढण्यासाठी सैन्य जमवीत असतानाच आजारी पडून वारले, त्यामुळे ताबा बसण्यास अडथळा उरला नाही. नागपूरशी नाते राखूनही बिंबाजींचा दरबार, फौज आणि सल्लागार स्वतंत्र होते. त्यांनी रतनपूर आणि रायपूर या दोन्ही शाखांचा मुलूख एका कारभाराखाली आणला, रतनपुरास न्यायदानाची नियमित व्यवस्था केली आणि रामटेकडीवर राममंदिर बांधले. प्रारंभी त्यांच्या अमलाविषयी लोकांत भीती होती, पण वर्षे गेली तशी ती ओसरली. जिंकणारा जिंकलेल्या गावात घर करून राहिला की त्याला विहिरीचे पाणी आणि बाजारातले भाव कळू लागतात. राजधानीत बसून केवळ आकडा पाहणाऱ्याला ते कळत नाहीत. हा भेद पुढच्या तीस वर्षांत छत्तीसगढने फार महागात अनुभवला.

दसऱ्याला सोने वाटण्याची चाल छत्तीसगढात बिंबाजींच्या काळी रुजली असे सांगतात. आज रायपूरच्या कोणत्याही मोहल्ल्यात ‘सोनपत्ती’ हातात देऊन माणसे एकमेकांना भेटतात. देणारा मराठी असतो असे नाही आणि घेणाराही नाही. पण आपट्याच्या पानांना सोने का म्हणायचे, ते लुटायचे का आणि त्या दिवशी सीमोल्लंघन का करायचे, याचे एक उत्तर मुलूखगिरीत आहे. पावसाळा सरला, नद्या उतरल्या की दसऱ्याला फौजा बाहेर पडत. ज्या मुलुखावर त्या येत त्याच मुलुखाने पुढे ती पाने प्रेमाने स्वीकारली, हा इतिहासाचा विनोद म्हणावा की माणसांचा मोठेपणा, हे ज्याचे त्याने ठरवावे.

1787 साली बिंबाजी वारले. त्यांच्यानंतर मुलूख व्यंकोजी भोसल्यांकडे आला. त्यांनी रतनपुरास येऊन राहण्याऐवजी नागपुरातून कारभार पाहणे पसंत केले आणि छत्तीसगढावर सुबे नेमले. महिपतराव दिनकर, विठ्ठलराव दिनकर, केशव गोविंद, विकाजी गोपाळ अशी ही मालिका 1818 पर्यंत चालली. नावे सगळी आपली आहेत. म्हणूनच या भागावर थोडे थांबणे आवश्यक आहे.

हैहयांच्या काळी येथील रचना गढांची होती. शिवनाथ नदीच्या उत्तरेस अठरा आणि दक्षिणेस अठरा गढ. एका गढात परंपरेने चौऱ्यांशी गावे, बारा गावांचा एक गट आणि गावाचा प्रमुख गोंटिया. या जुन्या रचनेत प्रत्येक पायरीवरचा माणूस त्याच मातीतला असे. 1790 साली विठ्ठलराव दिनकरांनी गढांच्या जागी परगणे केले. त्यांची संख्या सत्तावीस होती. परगण्यावर कमाविसदार आला, हिशेबासाठी फडणवीस, गावोगावच्या आकारणीच्या नोंदीसाठी बरारपांडे आणि वसुलीसाठी पाटील. वसूल, फौजदारी आणि दिवाणी असे सारे काम कमाविसदाराच्या हाती एकवटले. कागदावर ही रचना जुन्या रचनेहून नीटस होती. हिशेब लिहिले जाऊ लागले, नोंदी राहू लागल्या; आणि हिशेबाची शिस्त हा मराठी कारकुनाचा गुण होता, हे त्याच्या टीकाकारांनीही नाकारलेले नाही.

दोष रचनेच्या टोकाला होता. सुभ्याचे पद ठेक्याने दिले जाई. ज्याने नागपुरास अधिक रक्कम कबूल केली त्याला सुभा मिळे, आणि कबूल केलेली रक्कम भरून वर आपला खर्च व नफा काढण्याची चिंता त्याला पहिल्या दिवसापासून लागे. आपण किती वर्षे राहू याची त्याला खात्री नसे. मग तलाव कोण बांधणार, पडीत जमीन लागवडीस आणण्यासाठी तगाई कोण देणार? सुबा कमाविसदारावर आकडा बसवी, कमाविसदार पाटलावर, पाटील गोंटियावर, आणि गोंटिया ज्याच्यावर बसवी त्याच्याखाली दुसरे कोणी नव्हते. शेतसाऱ्याशिवाय जमीनदारांची टाकोळी, मालाच्या ने-आणीवर सायर, दारूवर कलाली, बिगरशेतकऱ्यांवर पंढरी अशा वसुलाच्या बाबी होत्या. यांतले बहुतेक कर इतरत्रही होते. त्यांचा जाच वाढला तो वसूल करणाऱ्याचा या मुलुखाशी दुसरा काही संबंध नसल्यामुळे. दुष्ट माणसांमुळे राज्य बिघडले असे म्हणणे सोपे असते. येथे साध्या, हिशेबी, घरी पोथी वाचणाऱ्या माणसांकडूनही ते बिघडले असणार, कारण पद्धतच तशी होती.

व्याप्त प्रदेशाकडून आकडा काढण्याची हीच वृत्ती आधुनिक यंत्रणेच्या हाती गेली की काय होते, हे फ्रान्समध्ये दिसले. 1940 च्या तहानंतर जर्मनीने फ्रान्सकडून व्यापणाऱ्या सैन्याच्या खर्चापोटी दररोज दोन कोटी मार्क घेतले. मार्कचा भाव जबरीने वीस फ्रँक ठरविलेला होता, त्यामुळे ही रक्कम दिवसाला चाळीस कोटी फ्रँक झाली. सैन्याच्या खऱ्या खर्चाशी तिचा संबंध नव्हता. ऐपतीच्या प्रमाणात मागावे हा हेगचा नियम कागदावरच राहिला. सामूहिक शिक्षेचेही तसेच. 1941 च्या ऑक्टोबरात नांत शहरातील जर्मन अधिकारी मारला गेला, तेव्हा त्या कृत्याशी काडीचा संबंध नसलेले 27 कैदी शातोब्रियाँ येथे ओलीस म्हणून गोळ्या घालून मारण्यात आले. त्यांत गी मोके नावाचा 17 वर्षांचा विद्यार्थी होता. आपल्या अकरावी-बारावीच्या वर्गात बसणाऱ्या मुलांच्या वयाचा.

तुलना येथेच थांबविली पाहिजे, नाही तर ती अन्याय ठरेल. बेल्जियमच्या मेखेलेन गावातील छावणीतून 1942 ते 1944 या काळात पंचवीस हजारांहून अधिक ज्यू माणसे आगगाडीने पूर्वेकडे पाठविण्यात आली; परत आलेले फारच थोडे होते. फाल्केनहाउझेन हे नाझी पक्षाचे भक्त नव्हते, पण त्यांच्या कचेरीतून ज्यूंच्या नोंदणीचे हुकूम निघाले आणि त्या याद्या पुढे उपयोगी पडल्या. 1951 साली बेल्जियमच्या न्यायालयाने त्यांना बारा वर्षांची शिक्षा दिली, आणि थोड्याच दिवसांत त्यांची सुटका झाली. भोसल्यांच्या कारभारात माणसांची जात वा वंश पाहून त्यांना संपविण्याचा विचार कोठेही नव्हता. तो ओझे टाकणारा, कधी निर्दय, बहुधा बेफिकीर कारभार होता. या दोन गोष्टी एका पारड्यात घालणारा इतिहास शिकवू नये, आणि त्यांतला फरक दाखवून आपले पाप धुऊन टाकणारा इतिहासही शिकवू नये.

कोणी म्हणेल, अठराव्या शतकाला विसाव्या शतकाचे नियम कसे लावावेत? आक्षेप रास्त आहे. पण निकष शोधण्यासाठी हेगपर्यंत जाण्याची गरजच नाही. 1674 साली चिपळूणच्या बाजूस छावणी पडली असता शिवाजी महाराजांनी आपल्या अंमलदारांना लिहिलेले पत्र मराठी शाळांतून शिकविले जाते. दाणागोटा आणि वैरण जपून वापरा, लागेल ते बाजारातून विकत घ्या, रयतेला तोशीस देऊ नका, नाही तर तुमच्यापेक्षा मोगल बरे असे ती म्हणेल, असा त्याचा भाव आहे. दिवा जळता ठेवला तर उंदीर वात नेईल आणि गंजीला आग लागेल, इतक्या बारकाव्यापर्यंत त्या पत्रातील काळजी उतरली आहे. रतनपूरच्या दंडानंतर 67 वर्षांनी नव्हे, तर त्याआधी 67 वर्षे ते लिहिले गेले होते. आपलाच निकष आपल्यालाच लावण्यात परकेपणा कोणता?

आता भाषेचा विषय, कारण हा समारंभ मराठी माध्यमाच्या शाळेचा आहे. भोसल्यांच्या काळी येथील दफ्तर मराठीत, मोडी लिपीत चालू लागले. गोंटिया छत्तीसगढी बोलत होता. जो कागद आपल्याला वाचता येत नाही त्यावर आपले शेत किती आणि देणे किती हे लिहिलेले असणे, ही पराभवाची रोजची आठवण असते. पहिल्या महायुद्धात जर्मन गव्हर्नर फॉन बिसिंग यांनी बेल्जियममधील गेंट विद्यापीठ 1916 साली फ्लेमिश भाषेत सुरू केले. फ्लेमिश लोकांची ती जुनीच मागणी होती. तरी हेन्री पिरेन आणि पॉल फ्रेडेरिक या प्राध्यापकांनी परक्या फौजेच्या हातून ती घेण्यास नकार दिला, आणि त्यांना जर्मनीत नेऊन ठेवण्यात आले. युद्ध संपताच ते विद्यापीठ लोकांनी नाकारले. आणि 1930 साली बेल्जियमच्या स्वतःच्या कायद्याने तेच गेंट पुन्हा त्याच भाषेचे झाले, तेव्हा ते टिकले. भाषा तीच होती, देणारा बदलला होता. दुसऱ्या युद्धात ब्रुसेल्सच्या मुक्त विद्यापीठावर जर्मनांनी आपल्या मर्जीतले प्राध्यापक लादू पाहिले, तेव्हा 1941 च्या नोव्हेंबरात विद्यापीठाने वर्ग बंद केले आणि अध्यापकांनी विद्यार्थ्यांना गुप्तपणे शिकविले.

1818 साली इंग्रज आले तेही भोसल्यांच्या नावानेच. तिसरे रघूजी अल्पवयीन होते, नागपुरास रेसिडेंट जेंकिन्स होते, आणि छत्तीसगढावर आधी एडमंड्स व मग अ‍ॅग्न्यू हे अधीक्षक नेमले गेले. राजधानी रतनपुराहून रायपुरास आली ती याच वेळी, तेव्हा या शहराच्या थोरवीचे श्रेय भोसल्यांना देण्याची जी सवय आहे ती थोडी आवरावी. अ‍ॅग्न्यूंनी सत्तावीस परगण्यांचे आठ केले, वसुलीतला गोंधळ कमी केला आणि 1820 साली या सुभ्याविषयी सविस्तर अहवाल लिहिला. सुभ्यांच्या कारभाराविषयी आज जे ठपक्याचे शब्द वापरले जातात त्यांतील बरेच इंग्रज अधिकाऱ्यांच्या कागदांतून आले आहेत. आधीच्या राज्याला वाईट ठरविण्यात नव्या राज्याचा लाभ असतो, एवढे ध्यानात ठेवून ते वाचावेत. खोटे म्हणून टाकून देऊ नयेत. 1830 ते 1854 पुन्हा भोसल्यांचा अंमल आला, जिल्हेदार रायपुरास बसू लागले, आणि अ‍ॅग्न्यूंनी घालून दिलेली घडी बरीचशी तशीच राहिली. 1853 च्या डिसेंबरात तिसरे रघूजी वारले आणि पुढच्या वर्षी डलहौसीने राज्य खालसा केले.

राज्य गेले, माणसे राहिली. तात्यापाऱ्यात, ब्राह्मणपाऱ्यात त्यांची घरे होती. फौज परत जाण्याचा प्रश्न उरला नव्हता, कारण फौजच उरली नव्हती. आता पोट शेजाऱ्यांबरोबर भरायचे होते आणि मुले याच शहरात वाढवायची होती. त्यांतल्या काहींनी मराठी घरातच ठेवली, काहींची सुटली, आणि काहींनी तिच्याबरोबर दुसरी भाषा आपली केली. 1900 साली पेंड्र्याहून ‘छत्तीसगढ मित्र’ हे या प्रदेशातले पहिले हिंदी मासिक निघाले, ते तीन वर्षे चालले. त्याचे संपादक माधवराव सप्रे आणि रामराव चिंचोलकर होते, आणि प्रकाशनाची व पैशाची जबाबदारी रायपूरच्या वामनराव लाखे यांनी घेतली होती. तिघेही मराठी घरांतले. सप्र्यांनी पुढे दासबोध आणि गीतारहस्य हिंदीत आणले आणि 1926 साली याच शहरात देह ठेवला. लाख्यांच्या नावाची वस्ती आजही रायपुरात आहे; या सभागृहातील अनेकजण रोज तिच्यावरून जातात.